रेवाराणीचे ब्रेक

माझ्या जहाजाला ब्रेक आहेत. हॉर्न आहे, मागे दोन लाल दिवे आहेत आणि एमपी-झिरो-नाइनची नंबरप्लेट आहे. रत्नागिरीच्या कुणा बाईंना त्याचं हसू येत असेल तर खुशाल येऊ दे. नर्मदेवरून वर इंदूरला यायचं तर मानपूरचा घाट चढावा लागतो, आणि जाताना तोच उतरावा लागतो. बिनब्रेकचं जहाज घाटातून काय त्यांचे वडील उतरवणार होते?

त्या बाई म्हणजे माझ्या विहीणबाई, शशिकलाताई. माझ्या प्रीतीच्या सासूबाई. बाई फार चांगल्या आहेत, हे आधीच सांगून टाकते, कारण सगळे तेच सांगतात आणि ऐकून ऐकून माझे कान किटलेत.

आणि मी मंजुळा. राहायला इंदूरच्या स्नेहलतागंजात, स्टेशनच्या इतकी जवळ की गाडी सुटली की खिडकीची काच थरथरते. आमचे पणजोबा महूच्या पलटणीत, आजोबा महूच्या पलटणीत, वडील रेल्वेत, आणि मी आरटीओच्या खिडकीमागे. सगळी नोकरी परमिट, फिटनेस, ओव्हरलोड यातच गेली. रिटायर झाले आणि वर्षभरात आमचे किसनराव गेले. प्रीती आणि जावई विक्रांत पुण्याला. त्यांची एकुलती एक ईशा. मी इथे एकटी.

ईशा तेव्हा एवढीशी होती. फोनवर म्हणाली, आजी, गोष्ट सांग. तिचे आजोबा नुकतेच गेलेले, माझ्या तोंडून धड शब्द निघत नव्हता. राजा-राणी मला येत नाहीत. चिमणी-कावळा तिला मोबाइलवर बघून बघून पाठ. मला येतात त्या गाड्या. समोर भिंतीवरच्या कॅलेंडरात एक जहाज होतं. म्हटलं, चलो, जहाजच सही. पण नुसत्या जहाजाची गोष्ट ती काय ऐकणार? म्हणून म्हटलं, हे जहाज पाण्यात चालतं, रस्त्यावर चालतं आणि काळातही चालतं. या सालातला माल त्या सालात नेऊन विकतं. पोरगी म्हणाली, पुढे?

त्या "पुढे?"वर मी तीन वर्षं जगले, असं म्हटलं तरी चालेल.

तर माझ्या या जहाजाचा, रेवाराणीचा, इतिहास असा. ती महेश्वरच्या घाटावर बांधून घेतली गेंदीबाईनं. गेंदीबाई मिठाची व्यापारीण. भडोचहून मीठ आणायचं, निमाडात विकायचं. एकदा मंडलेश्वरच्या पुढे नाव भोवऱ्यात सापडली, गरागरा फिरली आणि बाहेर आली तर काठावर ना घाट ना किल्ला, नुसतं जंगल. तिथल्या माणसांनी मीठ चाटून बघितलं आणि तिथेच फतकल मारून बसली, आणखी द्या म्हणून. गेंदीबाईच्या लक्षात आलं, बाई गं, माल तोच, पण साल बदललं की किंमत बदलते. तिथून धंदा सुरू झाला.

तिच्यामागून जहाज गेलं जावयाकडे. जावई निव्वळ गधा. बेडियाच्या लाल मिरच्या घेऊन अशा काळात गेला जेव्हा आपल्याकडे मिरची आलीच नव्हती. कशी खायची ते सांगितलं नाही. लोकांनी मुठी भरभरून खाल्ल्या आणि मग काठ्या घेऊन असे धावले की पुढची दोन शतकं रेवाराणीला त्या काठावर तोंड दाखवायची सोय उरली नाही. शेवटी ते जहाज माझ्या पणजोबांनी ताब्यात घेतलं. सुभेदार नानासाहेब, महूची पलटण. त्यांनी शिस्त लावली. सकाळी बिगूल, संध्याकाळी हजेरी, आणि ज्या काळातून काही उचलाल त्या काळात बदल्यात काहीतरी ठेवूनच निघायचं.

मग जहाज माझ्याकडे आलं आणि मी पहिल्यांदा त्याचं रजिस्ट्रेशन करून घेतलं. दोन शतकांच्या मध्ये नाका बसवला. नाकेदार कागद बघितल्याशिवाय सोडत नाही आणि लवंगेची सेव म्हटली की त्याचा जीव की प्राण. एकदा पुढच्या शतकात गेलो तर तिथली माणसं भांडायलाच विसरलेली. सगळे एकमेकांना नुसतं "बरं, बरं" म्हणायचे. मग आमच्या गल्लीतलं नळावरचं भांडण बरणीत भरून नेलं. झाकण उघडल्याबरोबर अख्ख्या गावात अशी जान आली की विचारू नका. बदल्यात त्यांनी कधीच न तुटणारा दोरा दिला.

ईशा रोज विचारायची, आजी, मी बसू जहाजात? मी म्हणायची, नाही बेटा, आपला परवाना मालाचा आहे, सवारीचा नाही, चालान होईल. ती खळखळून हसायची. मला वाटायचं, हे हसणं आपल्या मालकीचं.

गेल्या वर्षी विहीणबाईंचा गुडघा बदलला आणि त्या मुलाकडे पुण्याला राहायला आल्या. मी फोन करून चौकशी केली, आराम करा म्हटलं. मला काय माहीत आराम म्हणजे काय होणार ते. महिनाभरात एका संध्याकाळी ईशा मला म्हणाली, "आजी, जहाजाला ब्रेक नसतात. नांगर असतो."

तव्यावर पोळी होती. ती करपली.

मग रोज काहीतरी नवीन. शीड, सुकाणू, डोलकाठी. जहाजावर क्लीनर नसतो म्हणे, खलाशी असतात, आणि त्यांचा म्होरक्या तांडेल. विहीणबाईंचे वडील जयगडच्या लाँचवर कामाला होते, म्हणजे बाईंच्या घरातच समुद्र. मी समुद्र पाहिला तो एकदा, लग्नानंतर, चैत्यभूमीला गेलो तेव्हा. माणसांच्या गर्दीतून टाचा उंच करून पाहिला. आता त्याच्या जोरावर मी काय बोलणार? मी म्हटलं, ईशू, रेवाराणी इंदूरची आहे, इथले कायदे वेगळे. ती म्हणाली, हो, पण रत्नागिरीच्या आजीनं सांगितलं की भरती आली की जहाज पुढच्या काळात जातं आणि ओहोटी लागली की मागच्या.

खरं सांगू? कल्पना चांगली होती. माझ्या भोवऱ्यापेक्षा चांगली होती. आणि तिथेच तर माझा तिळपापड झाला. वाईट काहीतरी घातलं असतं तर मी हसून सोडून दिलं असतं. जहाज बांधलं मी, रजिस्टर केलं मी, आणि या आयत्या बिळात नागोबा होऊन वर भरती-ओहोटी शिकवणार.

धम्मचक्र दिनाच्या दुसऱ्या दिवशी प्रीतीचा फोन आला. तिची बदली हैदराबादला होत होती, विक्रांतनंही तिथलंच काम मागून घेतलं होतं. दोघांचंही ऑफिस दिवसभराचं. ईशा शाळेतून दुपारीच घरी येणार. घरी कुणीतरी हवं. नव्या घरात जास्तीची खोली एकच, म्हणून आजीही एकच. दिवाळीच्या सुट्टीत सगळे इंदूरला येतो, शशिकलाआईंनाही आणतो, ईशा कुणाबरोबर रमते ते बघू आणि मग ठरवू, असं ती म्हणाली. मी म्हटलं, मला काय, मी इथे मजेत आहे, तुम्हाला सोयीचं पडेल तसं करा. फोन ठेवला आणि कपाट उघडून हैदराबादच्या उन्हात कुठल्या साड्या चालतील ते बघत बसले.

मला जायचं होतं. एकटीपुरतं वरण लावून लावून मी विटले होते. दुपारी शाळेची बस थांबावी, दार वाजावं आणि कुणीतरी चपला भिरकावत आत यावं, एवढंच मला हवं होतं. आणि ते त्या बाईंना मिळालं तर माझ्याच्यानं बघवणार नव्हतं.

सगळे आले. जयभीम-जयभीम झालं. विहीणबाईंनी पिशवीतून कोकमाच्या आगळाची बाटली काढली आणि सुके बांगडे काढले. जिन्यापर्यंत वास. माझी सख्खी मुलगी त्या बांगड्यांवर अशी तुटून पडली की जणू मी तिला माहेरी उपाशीच वाढवली. रात्री सगळ्यांना सराफ्याच्या खाऊगल्लीत नेलं, मनात होतं की बाई आता नाक मुरडतील, जिन्नस तुपात पोहतात म्हणतील. त्यांनी भुट्ट्याचा कीस दोनदा घेतला आणि म्हणाल्या, विहीणबाई, असं आमच्याकडे काही मिळत नाही हो. माणूस नावं ठेवणारं असलं की बरं असतं, निदान मनातल्या मनात भांडता तरी येतं.

दोन दिवस बरे गेले. ईशा सकाळी माझ्यामागे, दुपारी त्यांच्यामागे. मी मनात हिशेब मांडत होते, आज कुणाच्या ताटात जेवली, कुणाजवळ झोपली. तिसऱ्या दुपारी मी पेरू कापून खोलीत घेऊन गेले. पलंगावर उशांचं जहाज केलेलं. माझी ओढणी शीड म्हणून बांधलेली. विहीणबाई गुडघा लांब करून एका कडेला, आणि मध्ये स्टीलचं ताट हातात धरून ईशा.

"आजी, मी तांडेल झाले," ती ओरडली. "रत्नागिरीच्या आजीनं मला बसू दिलं. चालान-बिलान काही होत नाही."

विहीणबाई माझ्याकडे बघून हसल्या. साधंच हसल्या असतील. मला वाटलं, जिंकल्या. तीन वर्षं पोरगी एकच मागत होती आणि मी परवान्याचा विनोद करत राहिले. या बाईनं वर्षभराच्या सहवासात तिला उचलून सुकाणूवर बसवली. पेरूची बशी मी टेबलावर ठेवली आणि स्वयंपाकघरात येऊन उगाचच घासलेली भांडी पुन्हा घासली. एवढी आग होत होती अंगाची की नळाचं पाणीही गरम लागलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी विहीणबाईंना डोळा लागला. प्रीती आणि विक्रांत बाजारात गेले होते. ईशा माझ्यासमोर मटार सोलत बसली होती. तिनं विचारलं, आज रेवाराणी कुठे जाणार?

मी म्हटलं, "कुठेच नाही. रेवाराणी भंगारात गेली."

तिनं मान वर केली. "का?"

"फिटनेस फेल झाली. जुनी गाडी होती, नियमाप्रमाणे तोडून टाकली."

"सगळी?"

"सगळी. तुझं ते सुकाणू पण."

बोलले आणि लगेच बरंही वाटलं, खोटं कशाला बोलू. म्हटलं, आता चढा कुठे चढायचं ते. जहाजच नाही तर कसली भरती आणि कसली ओहोटी. ईशा रडली नाही. रडली असती तर मी घाबरून लगेच सावरून घेतलं असतं. तिनं हातातली शेंग पूर्ण सोलली, दाणे भांड्यात टाकले, फ्रॉकला हात पुसले आणि आतल्या खोलीत निघून गेली.

संध्याकाळी प्रीती स्वयंपाकघरात आली आणि तिनं दार लोटून घेतलं. ही माझी मुलगी लहानपणापासून दार लोटून बोलते तेव्हा काहीतरी खरं बोलते. तिनं विचारलं, आई, तू ईशाला काय सांगितलंस? मी म्हटलं, काही नाही गं, गोष्ट होती. प्रीतीनं गॅस बारीक केला. मग म्हणाली, "आई, तिनं पुण्यातच सांगितलं होतं. इंदूरची आजी हवी. हैदराबादला मोठा तलाव आहे, रेवाराणी उभी करायला जागा आहे, असं तिनं मोबाइलवर शोधून ठेवलं होतं. शशिकलाआईंनाही ते पटलं होतं. आम्ही उद्या तुला विचारणार होतो."

मी विचारलं, "आणि आता?"

"आता ती नको म्हणते. म्हणते, ही आजी चिडली की मोडते."

हात दाखवून अवलक्षण, दुसरं काय. आम्ही आरटीओवाले, आम्हाला एवढंच येतं, नियमावर बोट ठेवायचं. ज्या शर्यतीत मी आधीच पहिली आले होते, त्यात मी स्वतःच्या पायात पाय घालून पडले. मी प्रीतीला म्हटलं, लहान आहे, दोन दिवसांत विसरेल. प्रीती म्हणाली, ती विसरत नाही, तुझ्यावर गेली आहे.

सकाळी चहा करताना विहीणबाई आत आल्या, स्टुलावर बसल्या. त्यांना सगळं कळलं होतं, ते तोंडावरच दिसत होतं. मी मनाशी ठरवलं, या बाईनं माझी कीव केली तर कपबशी आपटायची. त्यांनी कीव केली नाही. त्या म्हणाल्या, "विहीणबाई, माझ्या वडलांच्या लाँचच्या मला ढीगभर गोष्टी येतात. तुमच्या नातीनं एक ऐकून घेतली नाही. रेवाराणीचंच सांग म्हणायची. मग काय करणार, चढले तुमच्या जहाजावर. तिच्याशी बोलायला मला दुसरी वाटच नव्हती. आणि संध्याकाळी तुमचा फोन वाजला की ती माझ्या मांडीवरून उठून पळायची. मला काय होत असेल, ते तुम्हाला सांगायला नको."

म्हणजे त्याही जळत होत्या. वर्षभर, माझ्यावर. मला गार वाटायला हवं होतं आणि वाटलंही, चहाला उकळी येईपर्यंत. मग वाटलं, बघा, या बाईनं जळायचं कामसुद्धा माझ्यापेक्षा शहाणपणानं केलं. जळता जळता तिनं पोरीला एक जागा करून दिली. मी जळता जळता जहाज फोडलं. मी त्यांच्या चहात साखर जरा जास्तच घातली आणि म्हटलं, घ्या.

ईशा गॅलरीत होती. खाली पोह्याच्या गाडीवर गर्दी होती, ती बघत होती. मी तिच्याजवळ बसले, गुडघे कुरकुरले. म्हटलं, ईशू, मी कारखान्यात फोन केला होता, रेवाराणी दुरुस्त होते म्हणतात. ती म्हणाली, नको. मी म्हटलं, नवीन जहाज घेऊ, यापेक्षा मोठं, सवारीचा परवाना काढू, तू तांडेल. ती म्हणाली, नको आजी. आवाजात राग नव्हता, हेच वाईट होतं. एखाद्या पाहुण्याला आणखी पोळी नको म्हणावी, तसं ती म्हणत होती.

मग तिनं मला समजावून सांगितलं. मी जरा कमी शिकलेली असल्यासारखं हळूहळू सांगितलं.

"रेवाराणी काळात फिरते ना? मग काल तोडली तरी गेल्या वर्षी ती आहेच. आम्ही गेल्या वर्षीच्या रेवाराणीवर जातो. मी आणि रत्नागिरीची आजी. सकाळीच जाऊन आलो."

खरं होतं की. एवढी वर्षं जहाज चालवलं आणि माझ्या हे लक्षातच आलं नव्हतं. काळातून जाणारी गाडी भंगारात काढता येत नाही. मी विचारलं, "कोण होतं तिथे?"

"तू."

"मी?"

"गेल्या वर्षीची तू."

मी विचारलं, "कशी आहे ती?"

ईशानं विचार केला. "छान आहे," ती म्हणाली. "ती मोडत नाही."

ते सगळे हैदराबादला गेले, विहीणबाईंसकट. मीच त्यांना डब्यात सेव आणि चिवडा बांधून दिला. गाडी सुटली, खिडकीची काच थरथरली, आणि मी त्या दिवशी जेवण केलं नाही.

फोन मात्र रोज येतो. ईशा स्वतः लावते, विसरत नाही. आता गोष्ट ती सांगते आणि "पुढे?" मी म्हणते. गेल्या वर्षीच्या आजीनं परवा म्हणे ढाक्याची मलमल आंब्याच्या लोणच्यावर मिळवली. भरतीला कुठल्या शतकात जायचं ते ती रत्नागिरीच्या आजीला विचारते आणि दोघी मिळून ठरवतात. ती ईशाला सुकाणू देते, स्वतः बाजूला उभी राहते. तिला म्हणे ब्रेक आणि नांगर दोन्ही चालतात. ऐकावं ते नवल. विहीणबाईंचा राग आता मला तितकासा येत नाही, त्यांचा आणि माझा फोन असतो अधूनमधून, गुडघ्याबद्दल वगैरे. राग येतो तो त्या गेल्या वर्षीच्या बाईचा. माझ्याच साड्या नेसते, माझ्याच आवाजात बोलते आणि माझ्या नातीजवळ राहते. वर शहाणीची शहाणी. तिच्यात खोट काढावी म्हटलं तर सापडत नाही, आणि तिच्यावर जळतेय हे सांगायचं तरी कुणाला?

काल मला राहवलं नाही. म्हटलं, ईशू, तिला एकदा फोन दे ना. जरा बोलायचं आहे तिच्याशी.

ईशा फोन तोंडापासून लांब धरून थांबली. तिकडे विहीणबाईंचा काहीतरी बोलण्याचा आवाज आला, भांड्यांचा आवाज आला. मग ती परत आली आणि अगदी सभ्यपणे म्हणाली, "आजी, ती कामात आहे. तू नंतर कर."